पुस्तकातला गरीब आणि कायद्यातला गरीब: अमेरिकेतला साठ वर्षांचा वाद

१९६२ साली अमेरिकेत दोन पुस्तकं आली. ‘द अदर अमेरिका’ लिहिलं होतं मायकेल हॅरिंग्टन या समाजवादी कार्यकर्त्याने. तरुणपणी ते न्यूयॉर्कमध्ये कॅथलिक स्वयंसेवकांच्या आश्रमवजा घरात राहून बेघर लोकांसाठी काम करायचे. दुसरं ‘कॅपिटलिझम अँड फ्रीडम’, लेखक शिकागो विद्यापीठातले अर्थशास्त्राचे प्राध्यापक मिल्टन फ्रीडमन. हॅरिंग्टन यांचं म्हणणं, देशात चार-पाच कोटी लोक गरीब आहेत आणि सरकारचं तिकडे लक्षच नाही. फ्रीडमन यांचं म्हणणं, सरकार नको तिथे लक्ष घालतं हीच खरी अडचण आहे. अडीच हजार प्रती खपल्या तरी खूप झालं, अशी हॅरिंग्टन यांची अपेक्षा होती. फ्रीडमन यांच्या पुस्तकाचं तर अमेरिकेतल्या एकाही मोठ्या वर्तमानपत्राने परीक्षण छापलं नाही.

पुढे दोन्ही पुस्तकं लाखांनी खपली. त्याहून महत्त्वाचं म्हणजे त्यांतल्या कल्पना कायद्याच्या कलमांत शिरल्या. सामाजिक धोरणावरचं पुस्तक थेट व्हाइट हाउसपर्यंत पोचतं, हा प्रकार अमेरिकेत इतक्यांदा घडला आहे की या पुस्तकांकडे नुसतं वाचन म्हणून बघता येत नाही. माझा अनुभव असा की ही पुस्तकं वाचताना आधी त्यातला गरीब शोधून काढावा. प्रत्येक लेखकाच्या डोळ्यासमोर कोणीतरी एक गरीब माणूस असतो. तो म्हातारा आहे की तरुण, गोरा की काळा, कामावर जातो की घरी बसतो, कुठल्या राज्यातला आणि कुठल्या सालातला, हे कळलं की पुढचा सगळा युक्तिवाद कुठे चालला आहे ते आपोआप कळतं. आणि कायदाही शेवटी त्याच माणसासाठी होतो, मग प्रत्यक्षातला गरीब तसा असो वा नसो.

त्याआधी एक घोळ दूर करू. अमेरिकेत सरकारी मदत तीन प्रकारची असते. पहिली, कामावर असताना पगारातून कापून घेतलेल्या रकमेच्या बदल्यात मिळणारी: म्हातारपणचं सोशल सिक्युरिटीचं पेन्शन आणि मेडिकेअर हा वृद्धांचा आरोग्यविमा. दुसरी, उत्पन्न कमी असल्याचं दाखवल्यावर मिळणारी: रोख भत्ता, फूड स्टॅम्प म्हणजे खाण्याचं सामान घ्यायची कुपनं, मेडिकेड म्हणजे गरिबांचा आरोग्यविमा. तिसरी, करातून सूट: गृहकर्जाच्या व्याजावरची वजावट वगैरे. पहिलीला लोक ‘माझ्या कष्टाचे पैसे’ म्हणतात. तिसरीला मदत म्हणायचं कोणाच्या डोक्यातही येत नाही. ‘वेलफेअर’ म्हणून नाकं मुरडली जातात ती फक्त दुसरीकडे बघून, आणि त्यातही रोख भत्त्याकडे. खरं तर हा भत्ता सरकारी खर्चात अगदीच किरकोळ. पण साठ वर्षांतली निम्मी भांडणं त्याच्यावरूनच झाली.

न दिसणारा गरीब

हॅरिंग्टन यांच्या पुस्तकातला गरीब दिसतच नाही, आणि पुस्तकाचं सगळं बळ ‘का दिसत नाही’ हे सांगण्यात आहे. दुसरं महायुद्ध संपल्यावर मध्यमवर्ग शहराबाहेरच्या नव्या वसाहतींत राहायला गेला. कामावर जायला महामार्ग झाले, त्यामुळे जुन्या वस्त्यांतून जायची वेळच येईना. पूर्व अमेरिकेतल्या ॲपलेशियाच्या डोंगरात पर्यटक जातात ते झाडं रंगलेली असतात तेव्हा. त्यांना डोंगर दिसतो, डोंगरातली उपासमार दिसत नाही. म्हातारी माणसं भाड्याच्या खोलीत पडून असतात. गरिबांची ना संघटना ना पुढारी. आणि कपडे! कारखान्यात तयार होणारे कपडे इतके स्वस्त झाले होते की धड जेवण आणि धड घर नसलेला माणूसही रस्त्यात चारचौघांसारखा दिसायचा. हा कपड्यांचा मुद्दा मला पुस्तकातला सगळ्यात तल्लख वाटतो, कारण तो आकडेवारीतून सुचणारा नाही.

१९६३च्या जानेवारीत ‘न्यूयॉर्कर’ साप्ताहिकात ड्वाइट मॅक्डोनाल्ड यांनी या पुस्तकावर पानंच्या पानं भरून परीक्षण लिहिलं आणि वॉशिंग्टनमध्ये चर्चा सुरू झाली. राष्ट्राध्यक्ष केनेडींनी पुस्तक वाचलं की नुसतं परीक्षण, यावर इतिहासकार अजून वाद घालतात. त्यांचे आर्थिक सल्लागार वॉल्टर हेलर मात्र गरिबीवर कार्यक्रम आखायच्या मागे लागले होते. नोव्हेंबरमध्ये केनेडींची हत्या झाली. ८ जानेवारी १९६४ रोजी त्यांच्या जागी आलेल्या लिंडन जॉन्सन यांनी संसदेतल्या भाषणात गरिबीविरुद्ध युद्ध पुकारलं. त्याच वर्षी फूड स्टॅम्पचा कायदा झाला, पुढच्या वर्षी मेडिकेअर आणि मेडिकेड आले, गरीब घरातल्या लहान मुलांसाठी हेड स्टार्ट ही शाळेआधीच्या शिक्षणाची योजना आली. खुद्द हॅरिंग्टन यांना कार्यक्रम आखणाऱ्या गटात बोलावलं होतं. तिथे ठरलेले पैसे त्यांना फारच तुटपुंजे वाटले.

युद्ध पुकारल्यावर शत्रू मोजायला हवा. हे काम सोशल सिक्युरिटी खात्यातल्या मॉली ऑर्शान्स्की या बाईंच्या आकडेमोडीतून झालं. त्यांची पद्धत साधी होती. शेतकी खात्याने अडचणीच्या दिवसांत कसंबसं भागवायला म्हणून एक स्वस्त आहार ठरवला होता. त्याची किंमत काढायची आणि तिला तीनने गुणायचं. तीनने का? तर १९५५च्या पाहणीत कुटुंबं उत्पन्नाचा साधारण तिसरा हिस्सा खाण्यावर खर्च करताना आढळली होती. चौघांच्या कुटुंबासाठी १९६३ सालचा आकडा आला वर्षाला सुमारे ३,१०० डॉलर. झाली दारिद्र्यरेषा. आजही अमेरिकेची अधिकृत रेषा हीच आहे, दरवर्षी फक्त महागाई मिळवली जाते. मधल्या काळात खाणं तुलनेने स्वस्त झालं; घरभाडं, औषधपाणी आणि पाळणाघर यांनी खिसा रिकामा करायला सुरुवात केली; पण तीनचा गुणक काही हलला नाही.

या मोजमापात आणखी एक गोम आहे, आणि ती माहीत नसेल तर पुढचा कुठलाच वाद नीट समजत नाही. अधिकृत मोजणीत फक्त करपूर्व रोख उत्पन्न धरतात. फूड स्टॅम्प धरत नाहीत, मेडिकेड धरत नाहीत, करातून परत मिळालेले पैसेही धरत नाहीत. म्हणजे सरकारने गरीब घरात वर्षभराचं धान्य भरलं तरी कागदावर ते घर होतं तितकंच गरीब राहतं. १९५९ साली गरिबीचं प्रमाण २२.४ टक्के होतं, १९७३ला ११.१ टक्क्यांवर आलं, आणि त्यानंतर चार दशकं ११ ते १५च्या मध्ये घुटमळत राहिलं. ‘गरिबीशी युद्ध पुकारलं आणि गरिबी जिंकली’ हे रेगन यांचं १९८८चं वाक्य या आकड्यावर उभं आहे. कर आणि वस्तुरूप मदत धरणारं पूरक मोजमाप २०११पासून प्रसिद्ध व्हायला लागलं. त्याच पद्धतीने मागची वर्षं मोजली की गरिबी बऱ्यापैकी कमी झालेली दिसते. तेव्हा कुठल्याही पुस्तकात ‘गरिबी हटली नाही’ किंवा ‘हटली’ असं वाचलं की आधी बघायचं, कुठल्या मापाने.

म्हाताऱ्यांची गोष्ट मात्र दोन्ही मापांनी स्पष्ट आहे. १९५९ साली वृद्धांपैकी सुमारे ३५ टक्के गरीब होते, पुढे हे प्रमाण दहाच्या आसपास आलं. मुख्य कारण, सोशल सिक्युरिटीचं वाढवलेलं पेन्शन. म्हणजे रोख पैसे दिले आणि गरिबी गेली. यावर कोणी ‘खिरापत वाटली’ असं पुस्तक लिहून गाजवलं नाही. म्हातारा माणूस कामचुकार आहे असा संशय कोणी घेत नाही, म्हणून.

काम केलं तर तोटा

फ्रीडमन यांचं पुस्तक बाजाराच्या बाजूचं म्हणून प्रसिद्ध आहे, पण त्यात शेवटाकडे गरिबीवर एक छोटं प्रकरण आहे. त्यात त्यांनी मांडलेला उपाय ऐकून अनेक जण चमकतात: गरिबांना सरळ रोख पैसे द्या. निगेटिव्ह इन्कम टॅक्स, म्हणजे उलटा प्राप्तिकर. एक काल्पनिक उदाहरण घेऊ. समजा, ४,००० डॉलरच्या वर कमाई असेल तर कर भरायचा, आणि खाली असेल तर जितके कमी पडतात त्याच्या निम्मे सरकारने द्यायचे. काहीच न कमावणाऱ्याला २,००० मिळतील. २,००० कमावणाऱ्याला आणखी १,००० मिळतील, हातात ३,०००. जितकं कमवाल तितके हातात जास्तच येणार. बाकीच्या सतरा योजना, त्यांची कार्यालयं, तपासनीस, सगळं बंद करा.

याची खुबी कळायला तेव्हाचा रोख भत्ता कसा होता ते पाहावं लागेल. १९३५च्या कायद्यात तो आला तो मुख्यतः विधवा आणि त्यांच्या मुलांसाठी. नियम असा की घरात कमावता पुरुष नसावा. काही राज्यांत सरकारी माणसं रात्री-अपरात्री दार ठोठावून पुरुषाचे कपडे, बूट शोधायची. आणि बाईने चार पैसे कमावले तर तितकेच भत्त्यातून कापले जायचे. १९६७ साली थोडी सवलत मिळाली तोवर हिशेब डॉलरला डॉलर होता. म्हणजे धुणीभांडी करून आणलेल्या कमाईवर शंभर टक्के कर! इतका कर तेव्हाच्या कोट्यधीशालाही नव्हता.

फ्रीडमन यांचा आपल्याशी एक जुना संबंध आहे. १९५५ साली ते सल्लागार म्हणून दिल्लीला आले होते. अर्थमंत्री होते चिंतामणराव देशमुख. फ्रीडमन यांनी सरकारला दिलेल्या टिपणात नियोजन आणि नियंत्रणांवर कडक टीका केली होती. ते टिपण बाजूला पडलं, हे सांगायला नकोच.

तिकडे मात्र १९६९ साली निक्सन यांनी उलट्या करासारखीच योजना मांडली: चौघांच्या कुटुंबाला वर्षाला किमान १,६०० डॉलर. संसदेच्या खालच्या सभागृहात ती १९७०ला मंजूरही झाली. घोडं अडलं सिनेटच्या समितीत. उजव्यांना रक्कम जास्त वाटली, डाव्यांना कमी, आणि ज्यांची मूळ कल्पना त्या फ्रीडमन यांनाही शेवटचा मसुदा पसंत पडला नाही. त्यातून १९७५ला वाचला तो एक तुकडा, अर्न्ड इन्कम टॅक्स क्रेडिट. कमी पगारावर काम करणाऱ्याला करखात्याकडून वरकड रक्कम मिळते, पण काम करत असेल तरच. गरिबाला पैसे द्यायचे ते कामाची पावती बघूनच, ही रेघ इथे पक्की झाली.

हॅरल्ड आणि फिलिस

१९८४ साली चार्ल्स मरे या फारशा नाव नसलेल्या संशोधकाचं ‘लूझिंग ग्राउंड’ आलं. न्यूयॉर्कच्या मॅनहॅटन इन्स्टिट्यूटने त्यांना लिहायला पैसे दिले आणि छापून झाल्यावर पत्रकार-राजकारण्यांकडे प्रती फुकट पाठवल्या. पुस्तकाचा दावा सरळ होता: १९६५नंतर मदत वाढली आणि त्या मदतीमुळेच गरीब आणखी गाळात गेले.

आकडे आणि आलेख भरपूर आहेत, पण लोकांच्या लक्षात राहिली ती एक जोडी. हॅरल्ड आणि फिलिस, नुकतीच शाळा संपलेली, शिक्षण बेताचं, घरची गरिबी. फिलिसला दिवस गेले आहेत. १९६० साली ती दोघं काय करतील? भत्ता तुटपुंजा, आणि हॅरल्ड घरात राहिला तर तोही बंद. म्हणून लग्न करायचं आणि हॅरल्डने लाँड्रीतली किमान वेतनाची, जीव नकोसा करणारी नोकरी धरायची. आता १९७० घ्या. भत्ता वाढला आहे, जोडीला फूड स्टॅम्प आणि मेडिकेड आहे. १९६८ला सर्वोच्च न्यायालयाने पुरुषाच्या राबत्यावरून भत्ता तोडायचा नियम रद्द केला आहे, म्हणजे लग्न न करता हॅरल्ड खुशाल घरात राहू शकतो. लाँड्रीत राबायचं कशाला? मरे म्हणतात, माणसं बदलली नाहीत, बिघडली नाहीत; ती दोन्ही वेळा शहाणपणानेच वागली. बदलला तो हिशेब. आणि मग उपाय: काम करण्याच्या वयातल्या लोकांसाठीची संघराज्य सरकारची सगळीच मदत बंद करून बघा. त्यांनी तो विचारप्रयोग म्हणून मांडला होता, वाचणाऱ्यांनी कार्यक्रम म्हणून घेतला.

मरे यांची मांडणी मला आजही लिखाण म्हणून अव्वल वाटते. गरिबाला मूर्ख न ठरवता, उलट त्याच्या शहाणपणावर बोट ठेवून त्याची मदत काढून घ्यायचा युक्तिवाद करणं सोपं नाही. पण हॅरल्ड-फिलिस राहतात कुठे, हे बघायला टीकाकार पुढे आले. मरे यांनी भत्त्याचे आकडे पेन्सिल्व्हेनियाचे घेतले होते, आणि तिथला भत्ता देशाच्या सरासरीपेक्षा बराच झपाट्याने वाढला होता. दुसरं, १९७०च्या दशकात महागाईने भत्त्याची खरी किंमत घटत गेली. मरे यांचा हिशेब बरोबर असता तर हॅरल्ड-फिलिसने पुन्हा लग्नाकडे वळायला हवं होतं. झालं उलटंच, अविवाहित मातांचं प्रमाण चढतच राहिलं. तिसरं, राज्याराज्यांत भत्त्यात मोठा फरक होता. हार्वर्डचे अभ्यासक डेव्हिड एलवुड आणि मेरी जो बेन यांनी तो पडताळून पाहिला तेव्हा भत्ता जास्त तिथे लग्नाविना मुलं जास्त, असं काही दिसलं नाही. तरुण आई माहेरी राहते की वेगळं बिऱ्हाड करते, एवढ्यावर मात्र भत्त्याचा परिणाम होता.

मग हॅरल्डचं लग्न का होईना? १९८७ साली विल्यम ज्युलियस विल्सन या समाजशास्त्रज्ञांनी ‘द ट्रूली डिसॲडव्हान्टेज्ड’मध्ये शिकागोच्या काळ्या वस्त्यांकडे बोट दाखवलं. पोलाद आणि मांस-प्रक्रियेचे कारखाने गेले, त्यांच्याबरोबर शाळा अर्धवट सोडलेल्या पुरुषाला संसार चालवता येईल असा पगार गेला. कायद्याने भेदभाव कमी झाल्यावर वस्तीतले शिक्षक, डॉक्टर, दुकानदार चांगल्या भागात राहायला गेले आणि मागे राहिले ते फक्त बेकार. विल्सन यांनी एक मोजपट्टीच काढली: शंभर तरुणींमागे नोकरी असलेले त्याच वयाचे, त्याच वंशाचे पुरुष किती? काळ्या तरुणांत हा आकडा घसरत होता. लग्नाला नकार बाई देत नव्हती की भत्ता देत नव्हता, लग्न करण्याजोगा कमावता नवराच नव्हता. कारखाने बंद पडून सुनी झालेली गिरणगावची वस्ती ज्यांनी पाहिली आहे त्यांना हे पुस्तक वाचायला तळटिपा लागणार नाहीत.

अर्धवट उचललेलं पुस्तक

१९८८ साली एलवुड यांनी ‘पुअर सपोर्ट’ लिहिलं. ते मरे यांना उत्तर होतं, पण त्यांच्या काही तक्रारी मान्य करून दिलेलं. भत्ता ही तात्पुरती सोय असावी, त्याला मुदत असावी, हे त्यांनी कबूल केलं. पण त्याआधी चार गोष्टी हव्यात, असं ते म्हणत होते: कमी पगाराला सरकारची जोड, सर्वांना आरोग्यविमा, सोडून गेलेल्या बापाकडून मुलांच्या पोटगीची हमी, आणि मुदत संपल्यावरही नोकरी मिळाली नाही तर सरकारने द्यायचं किमान वेतनाचं काम. हे सगळं एकत्र.

१९९२ला बिल क्लिंटन ‘आजवरचं वेलफेअर संपवतो’ म्हणत निवडून आले आणि एलवुड यांनाच सरकारात घेतलं. १९९३ला पगाराची जोड, म्हणजे तेच अर्न्ड इन्कम टॅक्स क्रेडिट, भरघोस वाढली. आरोग्यविम्याची योजना संसदेत बुडाली. १९९४च्या निवडणुकीत दोन्ही सभागृहं रिपब्लिकनांकडे गेली, सभापती न्यूट गिंग्रिच झाले. गरिबांची काळजी सरकारने नव्हे, चर्च आणि शेजाऱ्यांनी घ्यावी असं सांगणारं मार्व्हिन ओलास्की यांचं पुस्तक ते आपल्या खासदारांना आवर्जून वाचायला सांगत होते. क्लिंटन यांनी दोन मसुदे परत पाठवले. तिसऱ्यावर २२ ऑगस्ट १९९६ रोजी सही केली. एलवुड त्याआधीच हार्वर्डला परतले होते. सरकारात अधिकारी असलेल्या मेरी जो बेन आणि पीटर एडेलमन यांनी निषेध म्हणून राजीनामे दिले.

एलवुड यांच्या पुस्तकातली मुदत तेवढी कायद्यात आली: संघराज्याच्या पैशातून आयुष्यात एकूण ६० महिने. मुदत संपल्यावर कामाची हमी आलीच नाही. भत्ता हक्क राहिला नाही. राज्यांना मिळून वर्षाला १६.५ अब्ज डॉलरची ठोक रक्कम, ती कशी वापरायची हे बहुतांशी राज्यांनी ठरवायचं. ही रक्कम महागाईबरोबर वाढत नाही, त्यामुळे आज तिची खरी किंमत जवळपास निम्मी उरली आहे.

याच कायद्यात एक कलम आहे, ते अमेरिकेतल्या बऱ्याच मराठी घरांना ठाऊक आहे, फक्त ते ‘वेलफेअर’च्या कायद्यातून आलं हे ठाऊक नसतं. ग्रीन कार्ड घेऊन नव्याने आलेल्या माणसाला पहिली पाच वर्षं मेडिकेडसारखे बहुतेक संघराज्य लाभ मिळत नाहीत. पुण्या-नाशिकहून आई-वडिलांना कायमचं नेताना त्यांच्या आजारपणाचा खर्च कसा भागवायचा, हा प्रश्न डोकं खातो तो यामुळे.

सुरुवातीला कायदा यशस्वी वाटला. १९९४ला सुमारे १.४ कोटी लोक भत्त्यावर होते, २०००पर्यंत ते निम्म्याहून कमी झाले आणि एकट्या आया मोठ्या संख्येने कामावर जायला लागल्या. त्यात तेजीचा वाटा किती, पगाराच्या जोडीचा किती आणि मुदतीचा किती, यावर अर्थशास्त्रज्ञ अजून भांडतात. पण त्या कामावर गेल्या तर गेल्या कुठे?

ते बघायला लेखिका बार्बरा एरेनराइक स्वतः गेल्या. फ्लॉरिडात वेट्रेस, मेन राज्यात घरं साफ करणारी बाई, मिनेसोटात वॉलमार्टमध्ये कपड्यांच्या घड्या. २००१ला ‘निकल अँड डाइम्ड’ आलं. त्यात सिद्धान्त जवळजवळ नाहीच, आहे तो महिन्याचा हिशेब. त्यातली एक गोष्ट ध्यानात ठेवावी अशी. महिन्याचं भाडं आणि डिपॉझिट एकरकमी भरायची ऐपत नसली की माणूस आठवड्याच्या भाड्याने मोटेलमध्ये राहतो. ते महिन्याच्या भाड्यापेक्षा महाग पडतं. खोलीत चूल नाही, म्हणून बाहेरचं खावं लागतं, तेही महाग. त्यामुळे डिपॉझिट कधी साठत नाही. गरिबीत राहणं स्वस्त असतं ही समजूत बाईंनी वेट्रेसच्या टिपांच्या हिशेबात मोडून काढली.

नोकरीही नाही आणि भत्ताही नाही, अशांवर कॅथरिन एडिन आणि ल्यूक शेफर यांनी २०१५ साली ‘टू डॉलर्स अ डे’ लिहिलं: माणशी दिवसाला दोन डॉलरपेक्षा कमी रोख असलेली सुमारे १५ लाख कुटुंबं, रक्तातला प्लाझ्मा विकून वीजबिल भरणारी माणसं. या आकड्यावर अर्थशास्त्रज्ञ ब्रूस मायर आणि सहकाऱ्यांनी जोरदार हल्ला केला. सरकारी नोंदी ताडून पाहिल्या तर यांतल्या बहुतेकांना इतर उत्पन्न होतं, ते पाहणीत सांगितलंच गेलं नव्हतं, असं त्यांनी दाखवलं. आकडा बहुधा फुगलेला आहे. मात्र एका गोष्टीवर वाद नाही: १९९६ला शंभर गरीब कुटुंबांमागे ६८ना भत्ता मिळायचा, २०२०ला २१ना.

उरलेले पैसे कुठे गेले? राज्यांनी ते इतर कामांत वळवले. मॅथ्यू डेस्मंड यांच्या २०२३च्या ‘पॉव्हर्टी, बाय अमेरिका’मध्ये हिशेब आहे: या निधीतल्या दर डॉलरमागे २२ सेंट तेवढे गरीब कुटुंबाच्या हातात रोख पडतात. मिसिसिपीत तर या पैशातले ५० लाख डॉलर एका विद्यापीठाच्या व्हॉलिबॉलच्या इमारतीवर गेले.

डेस्मंड यांचं आधीचं, २०१६चं ‘एव्हिक्टेड’ मात्र मला या सगळ्यांत उजवं वाटतं. मिलवॉकी शहरातल्या आठ कुटुंबांच्या घरभाड्याची ती कहाणी. सुरुवातीलाच आर्लीन नावाच्या बाईचा मुलगा भावंडाबरोबर खेळताना जाणाऱ्या गाडीवर बर्फाचा गोळा मारतो. गाडीवाला उतरून लाथ मारून दार मोडतो. दार मोडलं म्हणून घरमालकीण बिऱ्हाड बाहेर काढते. पुढे आर्लीनला मिळालेल्या घराचं भाडं ५५० डॉलर आणि तिचा महिन्याचा भत्ता ६२८. अठ्ठ्याहत्तर डॉलरमध्ये दोन मुलांचा महिना. मरे यांच्या फिलिसला भत्ता परवडत होता. आर्लीनला परवडत नाही, आणि तिचं राज्य विस्कॉन्सिन तर १९९६च्या कायद्याचा आदर्श म्हणून गाजलेलं.

२०२१ साली करोनाच्या मदतीत अमेरिकेने सहा महिने एक वेगळाच प्रयोग केला. जवळपास प्रत्येक मुलामागे महिन्याला २५० ते ३०० डॉलर थेट खात्यात, आईबाप काम करोत न करोत. फ्रीडमन यांच्या कल्पनेच्या इतक्या जवळ अमेरिका याआधी गेली नव्हती. पूरक मोजमापाने मुलांमधली गरिबी ५.२ टक्क्यांवर आली, नोंद सुरू झाल्यापासूनची सर्वांत कमी. मुदतवाढीला वेस्ट व्हर्जिनियाचे सिनेटर जो मँचिन यांनी नकार दिला. आईबापाने काम केलंच पाहिजे अशी अट त्यांना हवी होती. २०२२ला आकडा १२.४ टक्के झाला.

कामाची अट प्रत्यक्षात कशी चालते हे अर्कान्सा राज्यात २०१८ला दिसलं होतं. मेडिकेड हवं तर महिन्याला ८० तास काम करा आणि तशी नोंद संकेतस्थळावर करा. ते संकेतस्थळ रोज रात्री नऊ ते सकाळी सात बंद असायचं! दिवसभर राबून रात्री मोबाइल हातात घेणाऱ्याने काय करायचं? भीक नको पण कुत्रं आवर म्हणायची पाळी. काही महिन्यांत १८,००० लोकांचा विमा गेला. पुढे झालेल्या अभ्यासात रोजगार वाढल्याचं दिसलं नाही, कारण बहुतेक लोक आधीच काम करत होते किंवा अटीतून सुटण्याजोगे होते. न्यायालयाने २०१९ला ती योजना थांबवली. जुलै २०२५मध्ये ट्रम्प यांनी सही केलेल्या कायद्याने तीच ८० तासांची अट आता मेडिकेड विस्तारलेल्या, म्हणजे ते कमी उत्पन्नाच्या आणखी प्रौढांना खुलं केलेल्या, सगळ्या राज्यांत आणली आहे. २०२७ सुरू होईपर्यंत ती लागू करायची आहे.

यातलं काही वाचायला घ्यायचं असेल तर सालवारीच्या नादी लागू नका. आधी एरेनराइकबाई, कारण त्या दोन बैठकांत संपतात. मग मरे यांच्या पुस्तकातलं हॅरल्ड-फिलिसचं प्रकरण आणि लगेच विल्सन; मध्ये खंड पडू देऊ नका, नाहीतर ज्याचं शेवटी वाचलं त्याचंच खरं वाटतं. हॅरिंग्टन जेमतेम दोनशे पानांचे आहेत, ते कधीही चालतील. ‘एव्हिक्टेड’ मात्र सुट्टीसाठी राखून ठेवा.